‘वाढणें’ आणि संगणक

मूल वाढतें, धान्याचे भाव वाढतात, आई पानावर भात वाढते, शुभकार्याच्या आरंभीं नारळ वाढवितात, आणि सवाष्णीच्या हातांतली बांगडी फुटली तर घरांतली वडील बाई “बांगडी वाढली” असें म्हणते. पहिल्या दोन ठिकाणीं वृद्धि आहे, तिसऱ्या ठिकाणीं पंगतींतलें काम आहे. शेवटच्या दोहोंत मात्र वस्तूचे चक्क तुकडे झालेले आहेत! अशुभ शब्द तोंडावाटे निघूं नये म्हणून आपल्या भाषेनें काढलेली ही पळवाट. मराठी घरांतलें लहान मूलहि येथें फारसें अडखळत नाहीं. संगणकापुढें मात्र केवळ अक्षरें असतात, आणि तीं सर्वत्र जवळजवळ सारखींच. मग त्यानें हे अर्थ वेगळे कसे करावे?

प्रारंभीं विद्वानांची समजूत अशी होती कीं, कोश आणि व्याकरण यंत्रांत भरलें म्हणजे झालें. ७ जानेवारी १९५४ रोजीं न्यूयॉर्क येथें जॉर्जटाउन विद्यापीठ व आय. बी. एम. कंपनी यांनीं साठांहून अधिक रशियन वाक्यांचें इंग्रजी भाषांतर यंत्राकडून करवून दाखविलें. त्याचें सारें भांडवल २५० शब्द आणि सहा नियम! तीन ते पांच वर्षांत प्रश्न सुटेल, अशी आशा तेव्हां बोलून दाखविली गेली. ती फोल ठरली. १९६६ सालीं अमेरिकेंत नेमलेल्या तज्ज्ञांच्या समितीनें यांत्रिक भाषांतर माणसाच्या कामाहून सावकाश, महाग आणि कमी अचूक असल्याचा निर्वाळा दिला.

पुढें जी वाट सांपडली तिचें बीज इंग्रज भाषाशास्त्रज्ञ फर्थ यानें १९५७ च्या सुमारास मांडलेल्या विचारांत दिसतें. शब्दाची ओळख त्याच्या सोबत्यांवरून होते, हें त्याचें म्हणणें. आतां यंत्राला नियम शिकवीत बसत नाहींत; त्याला अफाट मजकूर वाचावयास देऊन, एखादा शब्द झांकून किंवा पुढला शब्द दडवून, तो ओळखावयास लावतात. चुकेल तितकें त्याच्या आंतील आंकड्यांत फेरफार होत जातात. अक्षांश-रेखांशांवरून जसें गांवाचें ठिकाण ठरतें, तसें शेंकडों आंकड्यांच्या रांगेवरून शब्दाचें स्थान ठरतें. सारख्या सोबतींत वावरणारे शब्द जवळ येतात. २०१३ सालीं गूगलमधील संशोधकांनीं ही रीत फार सुलभ केली. पण तींत ‘वाढली’ या रूपाला एकच रांग मिळे, आणि भात, भाव, बांगडी यांची त्यांत खिचडी होई. २०१७ सालीं पुढें आलेल्या ‘ट्रान्सफॉर्मर’ नामक रचनेंत प्रत्येक शब्दाचे आंकडे वाक्यांतील इतर शब्दांकडे पाहून नव्यानें काढले जातात. ‘बांगडी’ शेजारीं आली कीं ‘वाढली’ आपली जागा सोडून ‘फुटली’कडे सरकूं शकते.

आपल्याकडील शास्त्रकारांना हा विचार परका वाटला नसता. ‘सैंधव आण’ हें त्यांचें आवडतें उदाहरण. सैंधव म्हणजे मीठ आणि घोडाहि. जेवतांना म्हटलें तर मीठ आणावें, प्रवासाला निघतांना म्हटलें तर घोडा. अर्थाचा निर्णय प्रकरणावरून, म्हणजे प्रसंगावरून. पण श्रोतेहो, हा प्रसंग त्या दोन शब्दांत कोठेंच लिहिलेला नाहीं. तो समोरच्या ताटांत किंवा पायांतल्या जोड्यांत आहे. संगणकाला आतां चित्रें आणि आवाजहि पुरवितात हें खरें, तरी त्याचें बहुतेक पोषण लेखी मजकुरावरच झालेलें आहे.

मराठीची अडचण येथेंच आहे. इंग्रजीच्या मानानें संगणकास मिळणारा मराठी मजकूर फार थोडा. त्यांतहि बातम्या आणि सरकारी कागद पुष्कळ, माजघरांतलें बोलणें अल्प. बाजारभाव वाढल्याचीं वाक्यें भरपूर मिळतील, बांगडी वाढल्याचीं क्वचित्. ज्या प्रयोगाचीं उदाहरणें विरळ, त्याचे आंकडे कच्चे राहतात.

आणि कच्चेपणा वरून दिसत नाहीं. १९५४ च्या यंत्रापाशीं अडीचशें शब्दांपलीकडे कांहींच नव्हतें, म्हणून त्याचें अडणें लपण्याजोगें नव्हतें. आजचें यंत्र सहसा अडत नाहीं. अर्थ हुकला तरी सुबक, व्याकरणशुद्ध वाक्यच पुढें करतें. निरोप घेतांना पाहुणा “येतो” म्हणाला, आणि परभाषेंत त्याचें ‘मी येत आहें’ झालें, तर त्या वाक्यांत दोष दाखवितां येणार नाहीं. पाहुणा मात्र तोंवर जिना उतरून गेलेला असेल.