पटकथाकार रिकी ली

फिलिपिन्समधील सामाजिक चित्रपटांच्या लेखकांत रिकी ली यांचे नाव आघाडीवर आहे. त्यांचा जन्म १९४८ मध्ये लुझोन बेटावरील दाएत या गावी झाला. फिलिपिन्स विद्यापीठात इंग्रजी साहित्य शिकत असताना ते विद्यार्थी चळवळीत ओढले गेले. १९७२ मध्ये राष्ट्राध्यक्ष मार्कोस यांनी देशात लष्करी कायदा पुकारला. पुढे १९७४ मध्ये ली यांना अटक झाली आणि सुमारे वर्षभर त्यांना कैदेत काढावे लागले. पदवी अर्धवट राहिली, लिखाण मात्र थांबले नाही.

लिनो ब्रोका यांच्या ‘जॅग्वार’ची (१९७९) पटकथा त्यांनी कवी-पत्रकार होसे लाकाबा यांच्यासह लिहिली. वस्तीत राहणारा एक सुरक्षारक्षक मालकासाठी खून करून बसतो आणि मालक त्याला वाऱ्यावर सोडतो. कान महोत्सवाच्या मुख्य स्पर्धेत पोहोचलेला हा पहिला फिलिपिनो चित्रपट. पाठोपाठ मारिलू दियाझ-अबाया यांचा ‘ब्रुटल’ आला. त्यातल्या पत्नीवर नवऱ्याच्या आणि त्याच्या मित्रांच्या खुनाचा आरोप आहे, पण ती तोंडच उघडत नाही. एक स्त्री पत्रकार तिच्या मौनामागचे कारण शोधू लागते, तसतसे त्या पत्नीचे वैवाहिक जीवन उलगडत जाते.

इश्माएल बर्नाल दिग्दर्शित ‘हिमाला’ (१९८२) ही ली यांची सर्वांत समर्थ पटकथा. दुष्काळाने होरपळलेल्या कुपांग गावात, ग्रहणाच्या वेळी, एल्सा नावाच्या तरुणीला माळरानावरच्या टेकडीवर मेरीमातेचे दर्शन झाल्याची बातमी पसरते. आजाऱ्यांची रीघ लागते. खानावळी, दुकाने उघडतात, मंतरलेले पाणी विकले जाते, वेश्याव्यवसायही सुरू होतो. एल्सावर बलात्कार होतो आणि तिला राहिलेल्या गर्भालाही लोक चमत्कार मानतात. शेवटी ती त्याच टेकडीवर जमलेल्या हजारोंना सांगते की चमत्कार झालाच नाही. देव आणि शाप माणसेच घडवतात. तेवढ्यात गर्दीतून गोळी सुटते. श्रद्धाळूंची टिंगल ली कुठेही करत नाहीत, त्यांची अगतिकता दाखवतात. चित्रपटाचे खरे बळ त्यातच आहे. विशेष म्हणजे मार्कोस राजवटीतल्याच एका सरकारी चित्रसंस्थेने या चित्रपटाला पैसा पुरवला. नोरा औनोर यांची एल्सा आजही फिलिपिनो प्रेक्षकांच्या मनात घर करून आहे.

पोटासाठी परदेशी जाणाऱ्या घरकामगार बायांकडे ली नंतर वळले. सिंगापूरमध्ये फाशी दिल्या गेलेल्या फ्लोर कॉन्तेम्प्लासियॉन यांच्यावरील चित्रपटाचे (१९९५) ते एक लेखक होते. ‘आनाक’मध्ये (२०००) हाँगकाँगहून परतलेल्या आईला तिची मोठी मुलगी आपले मानायला तयार नाही. घर चालवण्यासाठी घर सोडावे लागणे, हे दुःख लाखो कुटुंबांच्या ओळखीचे होते.

दीडशेहून अधिक पटकथा लिहिणाऱ्या ली यांनी १९८२ पासून स्वतःच्या घरी पटकथालेखनाच्या कार्यशाळा घेतल्या, एक पैसाही न घेता. तिथे घडलेल्या लेखकांनी पुढे चित्रपट आणि दूरचित्रवाणी, दोन्हीकडे कामे केली. ‘ट्रिप टू कियापो’ हे त्यांचे पटकथालेखनावरील पुस्तकही विद्यार्थ्यांच्या हाती रुळले. २०२२ मध्ये त्यांना ‘राष्ट्रीय कलावंत’ हा देशाचा सर्वोच्च कलासन्मान मिळाला.