सिनेमातलं घर बांधणारे साहेबमामा

(मंगरूळपीर येथील प्रौढ साक्षरता वर्गापुढे केलेले भाषण)

मंडळी, सिनेमा आपल्याला नवा नाही. तुमच्यातल्या जुन्या माणसांनी तो जत्रेत तंबूत बसून पाहिला असेल. आता तर तो हातातल्या मोबाईलमध्ये आला आहे. सिनेमात नट कोण, नटी कोण, हे पोरंसोरंही सांगतात. पण आम्ही एक विचारतो. ‘संत तुकाराम’ या जुन्या सिनेमात तुकोबांचं घर दिसतं. ते घर बांधलं कोणी?

तुम्ही म्हणाल, बांधायचं कशाला? देहूला जायचं आणि चित्र घ्यायचं! पण सिनेमा निघाला १९३६ साली. तुकोबा होऊन गेले त्याच्या तीनशे वर्षं आधी. त्यांच्या वेळचं घर आणायचं कुठून? ते पुण्याला, प्रभात कंपनीच्या आवारात, मुद्दाम उभारावं लागलं. असं काम करणाऱ्या माणसाला कलादिग्दर्शक म्हणतात. त्या घरामागचे कलादिग्दर्शक होते फत्तेलाल. सारे त्यांना साहेबमामा म्हणत.

हे काम कसं चालतं ते ऐका. आधी कागदावर चित्र काढायचं. मग सुतार लाकडी चौकटी ठोकतात. त्यावर कापड नाहीतर फळ्या बसवतात, वरून गिलावा देतात, रंग देतात. समोरून पाहावं तर जुनी मातीची भिंत. मागे जाऊन पाहावं तर नुसते टेकू! खोलीला बहुतेक वेळा तीनच भिंती असतात. चौथ्या बाजूला कॅमेरा उभा राहतो.

आपल्या दंडारीत गडी लुगडं नेसला की आपण त्याला बाई मानतो. दोघांनी चादर धरली की झाला पडदा. आपण समजून घेतो. कॅमेऱ्याचा डोळा असा दयाळू नाही. चुलीमागच्या भिंतीवर काजळी नसली, तर तो लगेच सांगतो की ही चूल कधी पेटलीच नाही. उंबरठा झिजलेला नसला, तर या घरात कोणी राहिलं नाही हे त्याला कळतं. म्हणून नवी भिंत बांधायची आणि मग तिला जुनी करायची. हेच खरं कसब.

फत्तेलाल यांचा जन्म १८८६ साली कोल्हापूरजवळच्या कागलचा. जातीनं मुसलमान. पुढं कोल्हापुरात ते बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत आले. बाबूराव म्हणजे अजब माणूस. सिनेमाचा कॅमेरासुद्धा त्यांनी आपल्या माणसांना घेऊन घरीच तयार केला! त्या काळी नाटकासारखा रंगवलेला पडदा मागे टांगत आणि पुढे नट उभे करत. वारा आला की राजवाडा हलायचा. बाबूरावांनी ते सोडलं. खरे खांब, खऱ्या पायऱ्या, आत शिरता येईल असं घर उभं करू लागले.

त्यांचा ‘सैरंध्री’ १९२० साली निघाला. त्यात भीम कीचकाला मारतो. तो देखावा इतका खरा वाटला की सरकारने तो कापायला लावला. पुढं १९२५ साली याच कंपनीने ‘सावकारी पाश’ काढला. सावकारामुळे शेतकऱ्याची जमीन जाते आणि तो शहरात गिरणीत मजूर होतो, अशी ती गोष्ट. बोलपट तेव्हा नव्हता. तरी अंधारातली एक झोपडी आणि तिथे रडणारं कुत्रं दाखवलं, आणि लोकांना सारं कळलं. कर्जाबद्दल आम्ही तासभर बोललो असतो तरी इतकं सांगता आलं नसतं.

१९२९ साली फत्तेलाल, विष्णुपंत दामले, व्ही. शांताराम, केशवराव धायबर आणि सीताराम कुलकर्णी या पाच जणांनी कोल्हापुरात प्रभात कंपनी काढली. १९३२ चा ‘अयोध्येचा राजा’ हा मराठीतला पहिला बोलपट याच कंपनीचा. १९३३ साली कंपनी पुण्याला गेली. दामल्यांकडे आवाजाचं खातं, फत्तेलालांकडे देखाव्याचं. ‘संत तुकाराम’चं दिग्दर्शन दोघांनी मिळून केलं. विष्णुपंत पागनीस तुकोबा झाले, गौरीबाई आवली झाल्या. मुंबईत तो सिनेमा वर्षभराहून अधिक चालला. १९३७ साली इटलीतल्या व्हेनिस शहरी महोत्सवात त्याचा गौरव झाला.

कोणी विचारील, मुसलमान माणसाला तुकोबांचं घर कसं कळलं? मंडळी, हा प्रश्न मंगरूळपीरात तरी पडू नये. आपल्या गावाच्या नावातच पीर आहे. इथं हयात कलंदरांचा दर्गा आहे आणि बिरबलनाथ महाराजांचं देऊळही आहे. गरिबाच्या घरी भांडी किती असतात, बाई चुलीपुढं कशी बसते, हे पाहायला डोळे लागतात. साहेबमामांकडे ते होते. शेवटी तुकोबा गरुडाच्या आकाराच्या विमानातून वैकुंठाला जातात, त्याची लोक फार वाखाणणी करतात. आम्हाला मात्र विमानापेक्षा आवलीचं घर मोठं वाटतं. विमान कोणी पाहिलेलं नाही, म्हणून चूक काढणार कोण? घर सगळ्यांनी पाहिलेलं असतं.

दूर रशियातही असे कारागीर होते. सर्गेई आयझेनस्टाइन हे तिथले नावाजलेले दिग्दर्शक. तेही आधी नाटकाचे देखावे नि पोशाख आखत. त्यांच्या ‘अलेक्झांडर नेव्हस्की’ या १९३८ च्या सिनेमात गोठलेल्या तळ्यावर लढाई होते. ती घेतली ऐन उन्हाळ्यात! खडू, मीठ असलं काहीबाही पसरून बर्फ केला. त्या सिनेमाच्या कलादिग्दर्शकांत योसिफ श्पिनेल होते. पडद्यावर पाहताना आपल्याला थंडी वाजते, आणि तिकडे नट घामाने भिजलेले असणार.

दामले १९४५ साली वारले. जोडी फुटली. पुढं प्रभात कंपनीही बंद पडली. फत्तेलालांनी १९५५ साली ‘जगद्गुरू शंकराचार्य’ हा सिनेमा दिग्दर्शित केला. १९६४ साली ते गेले. सिनेमासाठी उभारलेली घरं टिकत नाहीत. काम झालं की मोडतात, लाकूड दुसरीकडे लावतात. तुकोबांचं ते घर आता फक्त सिनेमात आहे. प्रभातच्या त्याच आवारात १९६० साली सरकारने सिनेमा शिकवणारी संस्था सुरू केली. ती आजही चालू आहे. नवी भिंत जुनी कशी करायची, ही विद्या पोरं-पोरी तिथं अजून शिकतात.