मे ब्रिटची तीन वर्षं

स्वीडिश नट्या म्हटलं की ग्रेटा गार्बो, इन्ग्रिड बर्गमन ही नावं लगेच ओठांवर येतात. मे ब्रिट सहसा कुणाला आठवत नाही. 1934 साली स्टॉकहोमजवळच्या लिडिंग्यो इथे जन्मलेली ही मुलगी छायाचित्रकाराच्या हाताखाली काम करत होती. इटलीचे निर्माते कार्लो पोंती आणि दिग्दर्शक मारिओ सोल्दाती नायिकेच्या शोधात आले आणि हिलाच घेऊन गेले. पुढे हॉलिवूड. 1958 मध्ये ‘द यंग लायन्स’, पुढच्याच वर्षी ‘द ब्लू एंजल’. मार्लेन डीट्रिशने 1930 साली गाजवलेली भूमिका पुन्हा करायची, म्हणजे तुलना ठरलेलीच. ती तिला भोवली.

पण खरा फटका पडद्याबाहेर बसला. नोव्हेंबर 1960 मध्ये तिने कृष्णवर्णीय गायक-नट सॅमी डेव्हिस ज्युनिअरशी लग्न केलं. अमेरिकेच्या कितीतरी राज्यांत असं आंतरवंशीय लग्न तेव्हा चक्क बेकायदा होतं! सॅमी ज्यांचा प्रचार करत होता त्या राष्ट्राध्यक्षपदाच्या उमेदवार केनेडींच्या मतांना झळ नको म्हणून मुहूर्तही निवडणूक उरकल्यावरचा धरला. धमक्या आल्या, भूमिका आटल्या. अशा लग्नांवर बंदी घालणारे कायदे अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने 1967 साली मोडीत काढले. पुढच्याच वर्षी या दोघांनी घटस्फोट घेतला. नंतर ती अधूनमधून दूरचित्रवाणीवर दिसली आणि चित्रकलेत रमली.