पडद्यावरची आई : रीमा लागू

हातातलं काम चालू ठेवा, निवडणं-टिपणं करत करत ऐका.

आज आपण अभिनेत्री रीमा लागू यांच्याबद्दल बोलणार आहोत. नाव चटकन ध्यानात आलं नाही तरी चेहरा नक्की आठवेल. ‘मैंने प्यार किया’मधली सलमान खानची आई, ‘तू तू मैं मैं’ मालिकेतली खट्याळ सासू, त्याच या रीमाताई.

त्यांचा जन्म २१ जून १९५८ चा. माहेरचं नाव नयन भडभडे. आई मंदाकिनी भडभडे मराठी नाटकांत काम करायच्या. लेकही लहानपणी ‘बेबी नयन’ या नावानं सिनेमात दिसली. शाळा पुण्यात, हुजूरपागेत झाली. पुढे अभिनेते विवेक लागू यांच्याशी लग्न झालं आणि नयनची रीमा लागू झाली.

आपल्या गटातल्या बायांनी लक्षात ठेवावी अशी गोष्ट म्हणजे त्यांची नोकरी. रीमाताईंनी सुमारे दहा वर्षं युनियन बँकेत नोकरी केली आणि ती सांभाळून नाटक-सिनेमा केला. नाटकात कलाकाराला प्रयोगाप्रमाणे पैसे मिळतात, त्याला ‘नाईट’ म्हणतात. प्रयोग लागला तर नाईट, नाही लागला तर हात रिकामे. आपल्या खुरपणीच्या मजुरीसारखंच की! अशा वेळी महिन्याचा ठरलेला पगार केवढा आधार देतो, हे आपल्याला वेगळं सांगायला नको.

रंगभूमीवर मात्र त्या मोठ्या भूमिका करत होत्या. जयवंत दळवींच्या ‘पुरुष’ नाटकात त्या अंबिका झाल्या. एका बड्या पुढाऱ्यानं जिच्यावर अत्याचार केला आणि जी शेवटपर्यंत गप्प बसली नाही, अशी ही तरुण शिक्षिका. समोर नाना पाटेकर. ‘सविता दामोदर परांजपे’ या नाटकात त्यांनी अशी बायको रंगवली, की जिच्या अंगात दुसऱ्याच बाईचा संचार होतो.

हिंदी सिनेमानं त्यांना आई केलं. १९८८ साली ‘कयामत से कयामत तक’मध्ये त्या जुही चावलाची आई झाल्या, तेव्हा त्यांची तिशीही उलटली नव्हती. सलमान खान त्यांच्यापेक्षा जेमतेम सात वर्षांनी लहान, आणि ‘वास्तव’मध्ये ज्याची आई झाल्या तो संजय दत्त तर एकाच वर्षानं! पुरुष पन्नाशीतही नायक राहतो, बाईला मात्र तिशीतच आई व्हावं लागतं. सिनेमाचा हा हिशोब आपल्या ओळखीचा आहे.

पण त्या भूमिकेत त्यांनी जीव ओतला. आधीच्या सिनेमातली आई म्हटलं की पांढरं लुगडं, खोकला आणि शिलाई मशीन. रीमाताईंची आई हसरी, नीटनेटकी, पोरांची मैत्रीण. ‘वास्तव’मध्ये गुंड झालेल्या पोटच्या पोराला शेवटी स्वतःच्या हातानं गोळी घालणारी आई त्यांनी उभी केली. ज्यांनी पाहिलं त्या विसरणार नाहीत.

सहायक अभिनेत्री म्हणून फिल्मफेअरला त्यांचं नाव चार वेळा निवडलं गेलं, बक्षीस एकदाही मिळालं नाही. काम मात्र थांबलं नाही. लग्नानंतर काही वर्षांनी नवरा-बायको वेगळे झाले. रीमाताईंनी लेक मृण्मयीला वाढवलं. हीच मृण्मयी पुढे ‘थप्पड’ सिनेमाची सहलेखिका झाली. नवऱ्यानं एकदा हात उगारला म्हणून जाब विचारणाऱ्या बाईची ती गोष्ट.

१८ मे २०१७ रोजी हृदयविकाराच्या झटक्यानं रीमाताई गेल्या. वय ५८. त्या वेळीही ‘नामकरण’ मालिकेत त्यांचं काम चालूच होतं.

मैत्रिणींनो, ‘सहायक’ हा शब्द आपल्याला नवा नाही. नव्या गटाचे अर्ज भरताना आम्ही ‘व्यवसाय’ हा रकाना विचारतो. उत्तर येतं, “काही नाही, घरीच असते. मालकांना मदत करते.” मग पुढं विचारलं की कळतं, दोन म्हशींच्या धारा तीच काढते, कांद्याची लावणी तीच करते, वर गावात मजुरीलाही जाते. एवढं सगळं करून कागदावर ती ‘गृहिणी’.

रीमाताईंनी नायिकेशेजारी उभं राहून जे केलं ते त्यांचं स्वतःचं काम होतं, मेहनताना स्वतःचा होता. तसंच आपलंही आहे.

म्हणून या महिन्याच्या बैठकीत एवढं करा. बचत गोळा झाली की प्रत्येकीनं गेल्या आठवड्यात कोणकोणती कामं केली ते सांगायचं, आणि सचिवानं ती वहीत तिच्या नावापुढं लिहायची. बाहेरच्या माणसाकडून ते काम करून घेतलं असतं तर किती मजुरी द्यावी लागली असती, तो आकडाही लिहा. कर्जाचा अर्ज भरताना ‘व्यवसाय’ या रकान्यात ‘शेती’, ‘दूध व्यवसाय’, ‘शिलाई’ जे खरं असेल तेच सांगा. ते सांगताना लाजू नका.

आणि पुढच्या वेळी टीव्हीवर एखादा जुना सिनेमा लागला, तर नायिकेशेजारी उभी असलेली बाई कोण आहे तेही जरा बघा. तिचं नाव आम्हाला कळवा, तिच्याबद्दलही बोलू. नमस्कार.