चाप किती जड असावा?

(इंदापूर तालुक्यातील बैठकीत एका माजी सैनिक कार्यकर्त्याने केलेल्या भाषणाचे शब्दांकन)



सकाळपासून भावाची, कर्जाची आणि रात्रीच्या विजेची चर्चा झाली. माझ्याकडे आलेला विषय त्यामानाने बोटाएवढा आहे. राखणीच्या बंदुकीचा चाप. तुमच्यात बंदूक असणारे थोडे आहेत हे मला ठाऊक आहे. पण ज्याच्याकडे बंदूक नाही त्यानेही ऐकावे, कारण बंदूक एकाच्या खांद्यावर असते आणि गोळी शेजाऱ्याच्या वावरात जाते.

आपण जिरायती माणसे. नीरा डाव्या कालव्याचे पाणी ज्यांना मिळाले त्यांचा ऊस झाला, उजनीच्या कडेला ऊस झाला. सुपे-मोरगावकडचा आणि इकडे कडबनवाडीकडचा माळ आहे तसाच राहिला. रानडुकराची मात्र चांगली सोय झाली. राहायला ऊस, जेवायला ज्वारी. पोटऱ्यात आलेली मालदांडी एका रात्रीत आडवी होते. एके काळी माळ्यावर बसून गोफण फिरवली की पाखरे उठायची. डुकराला गोफणीचे काय? म्हणून बंदुकीचा विचार येतो.

कायदा काय म्हणतो ते थोडक्यात सांगतो. १९५९ च्या शस्त्र कायद्यात, कलम १३ मध्ये, पीक संरक्षणासाठी ठासणीची बंदूक असे स्पष्ट शब्द आहेत. ती अपुरी पडत असेल तर गुळगुळीत नळीची दुसरी बंदूकही देता येते. परवाना कलेक्टर कचेरीतून. म्हणजे बंदूक मागणे हा काही गुन्हेगारी विचार नाही, कायद्यानेच तो शेतकऱ्यासाठी लिहून ठेवला आहे. पण बंदुकीचा परवाना म्हणजे जनावर मारण्याचा परवाना नव्हे. १९७२ च्या वन्यजीव कायद्याच्या कलम ११ खाली वनखात्याची लेखी परवानगी वेगळी लागते. २०२२ च्या दुरुस्तीने रानडुक्कर दुसऱ्या अनुसूचीत गेले, ती दुरुस्ती १ एप्रिल २०२३ पासून लागू आहे. चिंकारा पहिल्या अनुसूचीत, त्याच्याकडे नळी वळवायचीच नाही. सुप्याचे मयूरेश्वर अभयारण्य १९९७ साली त्याच्यासाठीच झाले, आणि २००८ साली आपल्याच जिल्ह्यातल्या चिंकाऱ्याच्या शिकारीच्या प्रकरणात राज्याच्या एका मंत्र्याचे नाव आले होते. मंत्री अशा प्रकरणातून कसाही सावरतो, आपण जमीन विकून वकील लावू. जनावर आमचे पीक खाणार, त्याचा मालक सरकार, आणि राखणीचा खर्च आमचा, हा हिशेब कधीतरी मांडायचा आहेच. आज तो मांडत नाही. आज चाप.

बोलताना आपण ‘घोडा दाबला’ म्हणतो. दाबतो तो चाप. घोडा म्हणजे वरून टोपीवर किंवा आतून काडतुसावर आपटणारा भाग. घोडा मागे ओढला की आत एक दात एका खाचेत अडकतो. ताणलेली स्प्रिंग, जिच्यात काडतूस फोडायची ताकद आहे, ती त्या दाताच्या धारेवर तोललेली असते. धार किती? ज्वारीच्या दाण्याच्या जाडीपेक्षाही कमी. चाप ओढणे म्हणजे तो दात खाचेतून सरकवणे. चाप जड लागतो, कारण दात खोल बसला आहे किंवा त्याची स्प्रिंग कडक आहे. हलका लागतो, कारण दात उथळ बसला आहे, किंवा धार झिजून गोल झाली आहे, किंवा स्प्रिंग मेली आहे. कारण कोणते ते बोटाला कळत नाही. बोटाला फक्त बरे वाटते.

आता तक्रार काय येते? ‘चाप फार जड आहे, नेम हलतो.’ आपल्याकडे रायफल असली तर बहुधा सरकारी कारखान्याची ३१५ बोअरची. तिची यंत्रणा जुन्या ली एनफील्ड या लष्करी रायफलीवरून घेतलेली. त्या रायफलीचा चाप दोन टप्प्यांचा असतो. पहिला टप्पा सैल, मग अडतो, मग दुसऱ्या टप्प्याला बार. सगळे मिळून दोन-तीन किलोचा ओढा. हा दोष नाही, तो तसाच बनवला आहे. शिपाई धावतो, पडतो, खंदकात उडी मारतो, तरी बार होऊ नये म्हणून. तुम्ही अंधारात बांधावरून चालता, पायाखाली ढेकूळ सुटते, तेव्हा तुमची गत त्या शिपायाहून वेगळी नाही.

पण माणूस वर्कशॉपमध्ये जातो. तिथला कारागीर हुशार असतो, मोटारीचे बुश बसवतो, पंपाचा शाफ्ट सरळ करतो. तो बंदूक खोलतो, खाचेवर कानस मारतो, पॉलिश पेपर फिरवतो, आणि चाप लोण्यासारखा होतो. मालक खूश. इथे जे घडले ते तुम्हाला मी विळ्यावरून सांगतो. विळ्याला लोहार पाणी देतो ते धारेपुरते. धार लावून लावून तो भाग संपला की विळा चमकतो छान, पण दोन पेंढ्यांत बोथट होतो. बंदुकीच्या दाताला आणि खाचेलाही असेच पाणी दिलेले असते, आणि पुष्कळ बंदुकांत तो कडक थर कागदासारखा पातळ असतो. कानशीने तो निघून जातो. खाली राहते मऊ लोखंड. पहिल्या दिवशी चाप सुरेख चालतो. तीस-चाळीस वेळा घोडा चढवला की मऊ धार दबते, दात आणखी उथळ होतो. मग एक दिवस बंदूक गाडीच्या साटीवरून घसरते, दस्ता जमिनीला लागतो, आणि चापाला कोणी हात लावलेला नसताना बार होतो. तेव्हा कारागिराचे नाव कोणाच्या लक्षात नसते. पंचनाम्यात मालकाचे नाव असते.

गेल्या हिवाळ्यात एका गावात अशी एकनळी माझ्या हातात आली. रिकामी करून, घोडा चढवून, तारेने चापाला पाण्याची बाटली लावली. अर्ध्या लिटरला घोडा पडला. मालक म्हणाला, ‘बघा, किती मोकळी आहे.’ त्याच वावरात त्याची भावजय पहाटे कापूस वेचायला उतरते. ज्वारी पुरुषभर उंच, कापूस कमरेइतका, वेचणारी बाई वाकलेली. तुम्ही कितीही नजरबाज असा, पहाटेच्या अंधारात वाकलेली बाई आणि डुक्कर यांत फरक करायला वेळ लागतो. तो वेळ जड चाप देतो.

परदेशी बनावटीची स्पोर्टिंग रायफल वाडवडिलांपासून आलेली एखाद्या घरी असते. काहींच्या चापाला तीन स्क्रू असतात. एक स्प्रिंगच्या ताणाचा. दुसरा दात किती खोल बसावा त्याचा. तिसरा, दात सुटल्यावर चाप आणखी किती मागे जावा त्याचा. कारखान्याने त्यावर लाखेचा ठिपका दिलेला असतो. जाणता कारागीर पहिला स्क्रू थोडा फिरवून थांबतो. दुसऱ्याला हात लावतो तो माणूस धोका घेतो. तिसरा जास्त आवळला तर दात पुरता सुटतच नाही. हे सगळे सांगतो आहे ते घरी करून बघण्यासाठी नाही. शस्त्र कायद्याच्या कलम ५ प्रमाणे बंदुकीत बदल किंवा दुरुस्ती करायला परवाना लागतो. स्क्रू फिरवणे म्हणजे दुरुस्ती की नाही यावर वकिलांना वाद घालू द्या, आपण त्या वादाचे गिऱ्हाईक होऊ नये. परवानाधारक दुरुस्तीवाल्याकडे जा, आपला परवाना बरोबर न्या, काय काम केले ते पावतीवर लिहून घ्या.

कारखान्याचा माल म्हणून डोळे मिटून राहू नका. अमेरिकेत रेमिंग्टन कंपनीची ७०० नंबरची रायफल १९६२ साली आली, शिकारीसाठी लाखोंनी खपली. तिच्या चापाबद्दल तक्रार अशी की सेफ्टी लावून चाप ओढला गेला, मग सेफ्टी काढली, तर बोट लागलेले नसताना बार होतो. आत एक छोटा जोडतुकडा होता; घाण, गंज, झीज यांनी तो जागेवर परत येत नसे. २००० साली मोंटाना राज्यात शिकारीहून परतताना आईने रायफल रिकामी करायला सेफ्टी काढली आणि बार तिच्या नऊ वर्षांच्या मुलाला लागला. चाप बनवणाऱ्या तंत्रज्ञानेच १९४८ साली सुधारणा सुचवली होती, खर्च बंदुकीमागे साडेपाच सेंट, हे २०१० साली तिथल्या वृत्तवाहिनीने कागदपत्रांनिशी दाखवले. कंपनीने दोष मान्य केला नाही, पण कोर्टातल्या तडजोडीत चाप बदलून द्यावे लागले. कंपनीने नवा चापही आणला होता, पण २०१४ मध्ये तोही परत मागवावा लागला. जुळणीत चिकटद्रव्य जास्त पडले होते. एवढा मोठा कारखाना, आणि थेंबभर गोंदाने हैराण!

तो थेंब आपल्याकडे वेगळ्या वाटेने येतो. निवडणूक लागली की बंदुका पोलीस ठाण्यात जमा. २०२४ साली दोनदा हे झाले, उन्हाळ्यात लोकसभेला आणि ऑक्टोबर-नोव्हेंबरात विधानसभेला. नेमकी ज्वारी उगवते, कापसाची बोंडे फुटतात, तेव्हा बंदूक ठाण्याच्या खोलीत धूळ खात उभी. घरी येते तेव्हा आतले तेल डिंकासारखे झालेले असते. दात खाचेत पुरता बसत नाही, अर्ध्यावर थांबतो. चाप हलका लागतो आणि आपल्याला वाटते वापरून वापरून मोकळी झाली. म्हणून ठाण्यातून आणलेली बंदूक त्याच रात्री रानात न्यायची नाही.

दिवसाउजेडी तपासायची. काडतुसे, दारू, टोप्या आधी दुसऱ्या खोलीत कुलपात. नळी डोळ्यांनी बघा, बोटाने बघा. ठासणीच्या बंदुकीत डोळ्यांना काही दिसत नाही, तिथे गज नळीत सोडा. रिकाम्या नळीत गज कुठवर जातो त्याची खूण गजावर आधीच करून ठेवा. खूण नळीबाहेर राहिली तर आत बार भरलेला आहे. टोपी काढली म्हणजे बंदूक रिकामी झाली असे समजणारे लोक मी पाहिले आहेत.

मग घोडा चढवा, सेफ्टी काढा, घडी घातलेल्या गोणपाटावर दस्ता वीतभर उंचीवरून आठ-दहा वेळा आपटा. घोडा पडता कामा नये. बोल्टची रायफल असेल तर बोल्ट जोरात पुढे मारून बघा. मग सेफ्टी लावा, चाप ओढा, सोडा, आणि बोट दूर ठेवून सेफ्टी काढा. काही पडता कामा नये. मोंटानात झाले ते हेच. शेवटी वजन. नळी आभाळाकडे, चापाला तारेचा आकडा, आकड्याला दीड लिटर पाणी भरलेली बाटली. सावकाश उचला. दीड किलो तोलूनही घोडा पडला नाही तर चाप राखणीच्या कामाचा. माझे स्वतःचे मत दोन किलोचे आहे, कारण पौषातल्या थंडीत बोट बधिर असते, अंगावर घोंगडी असते, आणि बधिर बोटाला अर्धा किलो कळतच नाही. दुनळीला दोन चाप असतात, दोन्ही वेगवेगळे तोला. मागचा चाप किंचित जड असतो, तो तसाच राहू द्या. पहिल्या बाराच्या धक्क्याने दुसरी नळी सुटू नये म्हणून तो तसा ठेवलेला असतो.

यातल्या एकाही परीक्षेत बंदूक नापास झाली तर ती दुरुस्तीवाल्याकडे. तोवर तिच्यात काडतूस घालायचे नाही, हवेत बार काढायलासुद्धा नाही.

आणि सेफ्टीवर भिस्त ठेवू नका. पुष्कळ दुनळी बंदुकांत सेफ्टी फक्त चाप अडवते, घोडा अडवत नाही. बंदूक आपटली आणि दात निसटला तर सेफ्टी बघत राहते. ठासणीच्या बंदुकीत ‘अर्धा घोडा’ करून फिरायची सवय आहे, तीही सोडा. ती अर्धी खाच सगळ्यात आधी झिजते. माळ्यावर चढताना, कुंपण ओलांडताना बंदूक रिकामी. ३१५ ची गोळी चुकली तर दीड-दोन किलोमीटर पलीकडच्या वस्तीपर्यंत जाते, छऱ्यासारखी वावरात विरत नाही.

मायबहिणींना एक काम. काडतुसांची किल्ली तुमच्याकडे ठेवा. मालक रात्री घेऊन निघाला की तो कुठल्या बांधावर बसणार ते विचारा, आणि पहाटे तो परत आल्याशिवाय वेचणीला उतरू नका.

आता मागणी. बंदुका जमा करून घेण्याचा हुकूम एका दिवसात निघतो. परत देताना त्या तपासून द्याव्यात असा हुकूम मात्र निघत नाही. ज्वारी पोटऱ्यात यायच्या आधी, वर्षातून एकदा, तालुक्याच्या ठिकाणी परवानाधारक कारागीर बसवून पीक संरक्षणाच्या बंदुका तपासाव्यात, असे निवेदन कलेक्टरना द्यायचे आहे. पुण्याला एक बंदूक नेऊन आणायची म्हणजे दोन दिवसांची मजुरी आणि एस.टी.चे भाडे, म्हणून माणूस वर्कशॉपची वाट धरतो. निवेदनाला यादी जोडावी लागेल. गावनिहाय नावे, बंदुकीचा प्रकार, आणि बाटलीने मोजलेले वजन असे लिहून पुढच्या बैठकीला आणा. बंदूक आणू नका, ती घरी कुलपात राहू द्या. कागद पुरे.