स्वतःच्या नावाने

१९१२ साली स्टॉकहोमच्या ऑलिंपिकमध्ये जिम थॉर्प या अमेरिकन तरुणाने पंचक्रीडा व दशक्रीडा या दोन्ही स्पर्धांत सुवर्णपदके मिळविली. तो तेथील मूळ रहिवाशांपैकी, सॅक आणि फॉक्स जमातीचा. पेनसिल्व्हेनियातील कार्लाइलच्या शाळेचा विद्यार्थी. पुढच्याच वर्षी ती पदके त्याच्याकडून परत घेण्यात आली. अपराध एवढाच, की १९०९ व १९१० साली उत्तर कॅरोलिनात तो अल्प मोबदला घेऊन बेसबॉल खेळला होता. त्या काळी ऑलिंपिकमध्ये हौशी खेळाडूंनाच प्रवेश असे. धंदेवाईकास तेथे मज्जाव होता.

सरकारी नोकरीत नियमांशी नित्य गाठ पडणाऱ्या माझ्यासारख्यास येथे दोन गोष्टी जाणवतात. असे पैसे घेऊन खेळणारे महाविद्यालयीन तरुण तेव्हा इतरही होते. परंतु त्यांतले कित्येक खोट्या नावाने खेळत. थॉर्प आपल्या खऱ्या नावाने खेळला, म्हणून सापडला. शिवाय आक्षेप नोंदविण्यास ३० दिवसांची मुदत होती, आणि ती केव्हाच उलटून गेली होती. नियमाचे जे कलम त्याच्या विरुद्ध होते तेवढेच वाचले गेले. जे त्याच्या बाजूचे होते त्याकडे कोणी पाहिले नाही.

धंदेवाईकपणाचा शिक्का बसलाच, तेव्हा थॉर्पने तो धंदा उजळ माथ्याने पत्करला. आणि तोही एका नव्हे, दोन खेळांत. १९१३ मध्ये तो न्यूयॉर्क जायंट्स या बेसबॉल संघात दाखल झाला. आरंभीची वर्षे बहुतांशी बाकावर बसून गेली. तथापि १९१९ च्या अखेरच्या हंगामात त्याच्या फलंदाजीचे प्रमाण हजार संधींस ३२७ यशस्वी फटके इतके चढले. बेसबॉलचा हंगाम उन्हाळ्याचा, तर अमेरिकन फुटबॉलचा शरद ऋतूतला. चेंडू कवेत घेऊन प्रतिपक्षाची फळी भेदीत धावण्याच्या या रांगड्या खेळात त्याचा हातखंडा होता. १९१५ पासून तो ओहायोतील कँटन बुलडॉग्जकडून खेळू लागला. १९२० साली धंदेवाईक संघांची संघटना स्थापन झाली, तेव्हा पहिला अध्यक्ष म्हणून त्याचीच निवड झाली. आजची नॅशनल फुटबॉल लीग ती हीच. चाळिशी गाठीपर्यंत, १९२८ पर्यंत, तो मैदानात होता.

उत्तरायुष्य ओढगस्तीत गेले. मिळेल ती मजुरी करीत, चित्रपटांत किरकोळ कामे करीत त्याने दिवस काढले. १९५३ मध्ये तो वारला. १९८२ साली ऑलिंपिक समितीने निर्णय फिरविला आणि पुढील वर्षी त्याच्या मुलांना पदकांच्या प्रतिकृती दिल्या. पण नोंदीत त्याला संयुक्त विजेताच ठेवले. एकमेव विजेता म्हणून त्याचे नाव लागायला २०२२ साल उजाडावे लागले. आज तर धंदेवाईक खेळाडू ऑलिंपिकमध्ये राजरोस उतरतात!

नियम असावेत, याविषयी माझ्या मनात संदेह नाही. परंतु नियम लावणाऱ्याने तो संपूर्ण वाचावा, आणि समोरचा माणूस हयात असतानाच वाचावा. ११० वर्षांनी मिळालेला न्याय ज्याच्या हाती द्यायचा, तो तेथे नसतो.