अफवेच्या रात्री दार कोण वाजवतं?
(सोनाळा येथील परिषदेतील स्वागताध्यक्षीय भाषण)



संत सोनाजी महाराजांच्या गावात आपलं मनापासून स्वागत. शेगावला रेल्वेतून उतरायचं, संग्रामपूर ओलांडायचं आणि सातपुड्याच्या पायथ्याशी यायचं, एवढी यातायात करून आपण आलात. स्वागताध्यक्षानं बोलावं कमी आणि जेवू घालावं भरपूर, ही आपली जुनी रीत. मागे गोवऱ्यांवर रोडगे भाजायला टाकले आहेत. त्यांना वेळ लागतो. तेवढाच वेळ मी घेतो.

परिषदेचा विषय ठरला तेव्हा गावात पहिला प्रश्न आला तो असा : मुस्लिमबहुल देशांतला धर्म, तिथली संस्कृती, तिथले तंटे यांचं सोनाळ्याला काय? आपलं कापसाच्या भावाचं बोला! प्रश्न रास्त आहे. त्याचं अर्धं उत्तर इथून पूर्वेला डोंगराच्या कडेनं गेलं की दिसतं. नरनाळ्याच्या किल्ल्यावरचा महाकाली दरवाजा 1487 सालचा आहे. तो बांधणारा फतहुल्ला इमादुलमुल्क विजयनगरच्या मुलखातल्या कानडी ब्राह्मण घरातला. लढाईत लहानपणी पकडला गेला, मुसलमान झाला, बहामनींचा वऱ्हाडचा सुभेदार झाला आणि 1490 मध्ये एलिचपूरला, म्हणजे आजच्या अचलपूरला, स्वतःची इमादशाही थाटून बसला. पुढं अहमदनगरकर आले, मोगल आले, निजाम आले. 1853 मध्ये इंग्रजांनी वऱ्हाड ताब्यात घेईपर्यंत आपण या राज्यकर्त्यांच्या हाताखाली होतो.

पण इथं एक गफलत होते आणि शिकलीसवरली माणसंही ती करतात. राज्य कुणाचं हा एक प्रश्न, वस्ती कुणाची जास्त हा दुसरा. वऱ्हाडात राजा मुसलमान होता, रयत बहुतांश हिंदू. आज आपल्याला बोलायचं आहे ते रयतच बहुसंख्य मुसलमान असलेल्या, पण सगळी एका पंथाची, एका भाषेची, एका जातीची नसलेल्या समाजांबद्दल. असे समाज शोधायला इंडोनेशियापर्यंत जायलाच हवं असं नाही. आपल्या महाराष्ट्रात मालेगाव आहे, भिवंडी आहे. मालेगावात 2011 च्या जनगणनेनुसार दर पाच माणसांत जवळपास चार मुसलमान. भिवंडीत निम्म्याहून जास्त.

मला मालेगावबद्दल थोडं बोलू द्या. मोसम नदी गावाच्या मधून जाते आणि ढोबळमानानं वस्तीही तशीच वाटली गेली आहे. 1857 नंतर उत्तर हिंदुस्थानातून विणकर घराणी इथं आली, हातमाग आले, मागाहून यंत्रमाग आले. शुक्रवारी माग बंद. बाकी दिवस खटखट. माग चालवणारा बहुधा मुसलमान मोमीन, सूत विकणारा आणि तयार कापड उचलणारा पुष्कळदा हिंदू. सुताचा भाव वाढला की दोघांच्याही कपाळाला आठ्या. या गावात ऑक्टोबर 2001 मध्ये दंगल झाली, माणसं मेली. आणि त्याच गावात 8 सप्टेंबर 2006 ला, शब-ए-बरातच्या शुक्रवारी, बड्या कब्रस्तानात स्फोट झाले, तिसाहून अधिक जीव गेले, तेव्हा दंगल झाली नाही. गाव तेच, धर्म तेच, माणसंही बरीचशी तीच. मग पाच वर्षांत बदललं काय? धर्मग्रंथांत तर काही बदललं नव्हतं. या प्रश्नावर अभ्यासकांनी दोन दिवसांत आमचं डोकं खावं, अशी माझी इच्छा आहे.

भिवंडीत याचं एक उत्तर मिळतं. 7 मे 1970, शिवजयंतीची मिरवणूक. त्या दिवशी पेटलेली दंगल जळगाव आणि महाडपर्यंत गेली, न्यायमूर्ती मादन यांचा चौकशी आयोग बसला. (त्याच वर्षी, दंगलीच्या दीड महिना आधी, 22 मार्चला पुण्यात समाजसुधारक हमीद दलवाईंनी मुस्लिम सत्यशोधक मंडळ काढलं होतं. एकीकडं आतून टीका करणारा माणूस उभा राहतो आणि दुसरीकडं बाहेर आग लागते. दलवाईंचं काम किती अवघड होतं हे एवढ्यावरून कळावं.) 1984 मध्ये भिवंडी पुन्हा पेटली. मग 1988 मध्ये पोलीस उपायुक्त म्हणून सुरेश खोपडे आले. शांतता समित्या आधीही होत्या. त्यांत आमदार, नगरसेवक, मौलवी, महाराज असायचे, फोटो निघायचे, चहा व्हायचा. खोपड्यांनी पुढाऱ्यांना बाजूला ठेवलं. मोहल्ला समितीत रिक्षावाला, भाजीवाला, माग कामगार, अर्धे हिंदू अर्धे मुसलमान, आणि समितीचं काम बघायला त्या भागातला साधा पोलीस. बैठका दंगल नसतानाही व्हायच्या. त्यांत धर्मावर चर्चा फारशी नसायची. गटार तुंबलं, भाडेकरू ऐकत नाही, पोरगं दारू पिऊन धिंगाणा घालतं, असली भांडणं यायची. डिसेंबर 1992 मध्ये मुंबई जळत होती आणि शेजारची भिवंडी जळली नाही. खोपड्यांनी पुस्तक लिहिलं त्याचं नावच ‘मुंबई जळाली, भिवंडी का नाही?’ असं आहे. राज्यशास्त्राचे अभ्यासक आशुतोष वार्ष्णेय यांनीही आपल्या 2002 सालच्या ग्रंथात हेच सांगितलं की शेजारधर्म गोड असला तरी तेवढ्यावर शहर तगत नाही. रोजच्या व्यवहारात दोन्ही बाजूंना एकत्र बसवणाऱ्या संघटना, मंडळं, व्यापारी संघ लागतात.

भिवंडीची ही गोष्ट सांगून लोक इथंच थांबतात. मी थांबणार नाही. जुलै 2006 मध्ये त्याच भिवंडीत कब्रस्तानालगत पोलीस ठाणं बांधायच्या वादातून गोळीबार झाला, दोन माणसं मेली, आणि त्याच रात्री जमावानं दोन पोलिसांचा जीव घेतला. हिंदू-मुसलमान असा तो तंटा नव्हता. वस्ती आणि सरकार यांच्यातला होता. अधिकारी बदलून गेला की त्यानं बसवलेली घडी विस्कटते, हे आपल्या प्रत्येक तालुक्याला माहीत आहे.

आता एका दूरच्या बेटाकडं. इंडोनेशियातला मालुकू प्रांत, त्याचं मुख्य शहर अंबोन. तिथं ‘पेला’ नावाची फार जुनी प्रथा आहे. पुष्कळदा एक गाव ख्रिस्ती, एक मुसलमान, दोघांत शपथेनं बंधुत्व. एकाची मशीद बांधायची तर दुसऱ्यानं लाकूड आणायचं, चर्च बांधायचं तर उलट. भाऊबंद झाल्यामुळं आपसांत सोयरीकही वर्ज्य. वाचून जीव हरखतो. आणि 19 जानेवारी 1999 ला, ईदच्या दिवशी, बसवाला आणि प्रवासी यांच्या भांडणातून त्याच अंबोनमध्ये जे सुरू झालं ते तीन वर्षं चाललं, हजारो माणसं मेली. फेब्रुवारी 2002 मध्ये मालिनोचा शांतता करार झाला तेव्हा कुठं थोडं थांबलं. पेला कुठं गेलं? कामाधंद्यासाठी सुलावेसीकडून येऊन वसलेले बुगी आणि बुटोनी लोक त्या शपथेत कधी नव्हतेच. सरकारी नोकऱ्या कुणाला, हा झगडा शपथ घेतली त्या पूर्वजांना ठाऊक नव्हता. जुनं बंधुत्व जुन्या गावकऱ्यांपुरतं होतं आणि शहर मात्र नव्या माणसांनी भरलं होतं.

अंबोनची ही गोष्ट मी सैलानीचा विचार करताना मनात ठेवतो. आपल्याच जिल्ह्यात पिंपळगाव सराईच्या सैलानी बाबांच्या दर्ग्यावर होळीला नारळांची होळी पेटते, हिंदूंचे जथे चालत जातात. मला त्याचा अभिमान आहे. पण प्रत्येक परिषदेत सैलानी दाखवून आपण मोकळे होतो, हे मला खटकतं. दर्ग्यावर शेजारी बसून नारळ फोडणारे दोघं आपापल्या गावी परतल्यावर, मोबाईलवर एखादी क्लिप फिरते त्या रात्री, एकमेकांच्या दारावर जातात का? जातात तर कुठल्या नात्यानं?

त्याच इंडोनेशियाची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. 17 ऑगस्ट 1945 ला देश स्वतंत्र जाहीर झाला. घटनेच्या मसुद्यात मुसलमानांना शरियतीचं बंधन घालणारे शब्द होते. पूर्वेकडच्या ख्रिस्ती बेटांनी हरकत घेतली. राष्ट्रीय नेते मोहम्मद हत्तांनी मुस्लिम पुढाऱ्यांची समजूत काढली आणि दुसऱ्याच दिवशी ते शब्द वगळले गेले. बहुसंख्यांनी आपणहून हात आखडता घेतला, तो देश टिकला. उलट पाकिस्ताननं 1974 मध्ये घटनादुरुस्ती करून अहमदिया पंथाच्या लोकांना मुसलमान मानायचंच नाकारलं. बहुसंख्य म्हणजे नक्की कोण, हे एकदा सरकार ठरवू लागलं की यादी छोटी होत जाते.

पाकिस्तानचं नाव काढलं म्हणून एक मराठी माणूस आठवतो. कराचीत एम. ए. जिना रोडवर ‘एनजेव्ही’ नावाची शाळा आहे. एन म्हणजे नारायण, जे म्हणजे जगन्नाथ, व्ही म्हणजे वैद्य. सिंधमध्ये आधुनिक शिक्षणाची घडी बसवणाऱ्या या मराठी अधिकाऱ्याचं नाव 1855 पासून चालत आलेल्या त्या शाळेवर आजही आहे. 6 जानेवारी 1948 च्या कराचीतल्या दंगलीनंतर सिंधमधले हिंदू मोठ्या संख्येनं निघून गेले. तरी काही मराठी घरं तिथं राहिली आणि ती अजून गणपती बसवतात. मालेगावच्या कॅम्प भागातला हिंदू, कराचीतला मराठी, सोनाळ्यातला मुसलमान, यांना रात्री झोप लागते की नाही, हे शेजारच्या बहुसंख्यांच्या वागण्यावर ठरतं. म्हणून इथं येणाऱ्या प्रत्येक वक्त्याला माझी विनंती आहे की जकार्ताच्या, बैरुतच्या, ढाक्याच्या बहुसंख्यांना जे प्रश्न विचाराल तेच आमच्या गावातल्या बहुसंख्यांना विचारा. मी त्यांतलाच एक आहे. आम्ही राग मानणार नाही. मानला तरी जेवण झाल्यावर मानू.

तीन गोष्टींची व्यवस्था सांगतो. सत्रात प्रश्न चिठ्ठीवर घेतले जातील आणि चिठ्ठीवर नाव लिहायची सक्ती नाही. आमच्या गावातल्या काही बायांना आणि पोरांना नाव न सांगता जास्त नीट विचारता येतं. जुम्म्याच्या नमाजासाठी दुपारचं सत्र अर्धा तास उशिरा सुरू होईल, त्याबद्दल शहरातून आलेल्यांनी घड्याळ पाहू नये. आणि पिण्याचं पाणी बाहेरून घेऊ नका, टाकीतलंच घ्या. पूर्णाकाठच्या खारपाणपट्ट्यातलं पाणी पिऊन आजारी पडलेला पाहुणा आम्हाला नको.

रोडग्यांचा वास यायला लागला आहे, म्हणजे माझी वेळ संपली. उद्घाटक ताईंना विनंती करतो की त्यांनी परिषद सुरू झाल्याचं जाहीर करावं.